पडद्यावरच्या आईचे वय

प्राण यांचा जन्म १९२० चा, देव आनंद यांचा १९२३ चा. १९७० च्या ‘जॉनी मेरा नाम’मध्ये हे दोघे भाऊ झाले आणि त्यांची आई झाल्या सुलोचनाबाई. त्यांचा जन्म १९२८ चा. म्हणजे थोरला मुलगा आईपेक्षा आठ वर्षांनी मोठा! प्रेक्षकांना हे फारसे खटकले नाही, हे बाईंच्या अभिनयाचे यश. पण आपल्या चित्रसृष्टीने केलेला अन्यायही त्यातच दडलेला आहे.

चिकोडी तालुक्यातल्या खडकलाटच्या सुलोचना लाटकर कोल्हापुरात भालजी पेंढारकरांच्या हाताखाली घडल्या. ‘वहिनींच्या बांगड्या’ने (१९५३) त्या घरोघरी पोचल्या. मराठीत नायिका असलेल्या या बाईंच्या वाट्याला तिशी ओलांडताच हिंदीत ‘दिल देके देखो’मध्ये (१९५९) शम्मी कपूरची आई आली. शम्मी त्यांच्याहून जेमतेम तीन वर्षांनी लहान! नायक पन्नाशीतही बागेत गाणी म्हणत राहिले. बाईंच्या हाती मात्र आरतीचे तबक आले.

आईची भूमिका कमी प्रतीची असते, असे मुळीच नाही. बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’त (१९५९) अस्पृश्य घरातली मुलगी वाढवणारी, पण तिला ‘मुलगी’ म्हणायला बिचकणारी आई बाईंनी साकारली. माया आणि जातीचा संस्कार यांतली ओढाताण त्यांच्या चेहऱ्यावर वाचता येते. अशा भूमिका किती लिहिल्या गेल्या, हा खरा प्रश्न आहे.

इंग्लंडच्या ज्युडी डेंच यांनी साठी ओलांडल्यावर बाँडपटांत गुप्तहेर खात्याची प्रमुख रंगवली आणि ‘शेक्सपिअर इन लव्ह’मधल्या काही मिनिटांच्या राणीसाठी १९९९ साली ऑस्कर मिळवले. त्याच वर्षी सुलोचनाबाईंना पद्मश्री मिळाली. पण उतारवयातल्या बाईकडे सत्ता आणि बुद्धी असू शकते, हे आपल्या पटकथांना क्वचितच सुचले.

वास्तविक आमच्या पन्हाळ्याचा इतिहास वेगळे सांगतो. १६६० साली गडाला सिद्दी जौहरचा वेढा पडला, तेव्हा साठीच्या जिजाऊ स्वतः फौज घेऊन निघायला सज्ज झाल्याचे ‘शिवभारत’ सांगते. भालजींच्या ‘मराठा तितुका मेळवावा’त (१९६४) सुलोचनाबाई जिजाऊ झाल्या होत्या. त्यांच्या अंगी काय ताकद होती, ते तिथे दिसते.

४ जून २०२३ रोजी बाई गेल्या, तेव्हा ‘वात्सल्यमूर्ती’ म्हणून त्यांना निरोप दिला गेला. शब्द खोटा नाही, पण अपुरा आहे. एखाद्या रविवारी घरच्या मंडळींसह ‘सुजाता’ जरूर पाहावा, आणि नायक-नायिकेवरची नजर थोडा वेळ त्या आईकडे वळवावी.