अरुणची आई कुठं आहे?

विजय तेंडुलकरांना शिव्या घालणं सोपं, डोक्यावर घेणं त्याहून सोपं. आपण दोन्ही करून बसलोय. आपल्यातल्या एका मोठ्या कवीनं त्यांच्याकडून प्रस्तावना लिहून घेतली, आणि नंतर त्यांच्याच नाटकापायी त्यांच्या दिशेनं चप्पल भिरकावली गेली. १९ मे २००८ ला तेंडुलकर गेले. आता राग निवलाय, भक्तीही निवलीय. हिशेब मांडायला हीच वेळ बरी.

हिशेब बुलढाण्यातून मांडतोय हे आधीच सांगून टाकतो. कारण मुंबई-पुण्याचे तेंडुलकर वेगळे आणि आमचे वेगळे. आमच्या जिल्ह्याच्या गावाला रेल्वे नाही. मलकापूरला उतरा, एसटी धरा, घाट चढा. नाटक कंपन्यांचं नेपथ्य काही हा घाट चढून येत नाही. व्यावसायिक रंगभूमी मुंबई, पुणे, नाशिक अशी फिरते आणि त्यालाच 'मराठी रंगभूमी' म्हणते. म्हणून 'गिधाडे' आणि 'सखाराम बाइंडर'वर पांढरपेशे जेव्हा कावले होते, तेव्हा चिखली-मेहकर-लोणारच्या माणसाला त्याचा पत्ता नव्हता. आमच्यापर्यंत तेंडुलकर आले ते पडद्यावरून. 'सामना', 'सिंहासन', 'आक्रोश'. हे सगळं एकाच माणसाच्या लेखणीतून उतरलंय हे पुष्कळांना मागाहून कळलं. नाटककार पडद्याकडं वळतो तेव्हा होतं ते असं. नाव मागं राहतं, चित्र पुढं जातं. आणि जे चित्र घाट चढून येतं, तेच आमच्या पोरांच्या डोक्यात आयुष्यभर राहतं.

आता १९७२ हे साल घ्या. मार्चमध्ये 'सखाराम बाइंडर' रंगमंचावर आलं आणि त्यावर बंदीचं बालंट आलं. डिसेंबरात पुण्यात 'घाशीराम कोतवाल'चा पहिला प्रयोग झाला आणि नाना फडणविसाची बदनामी झाली म्हणून पेठा पेटल्या. त्याच वर्षी दलित पँथर जन्माला आली. त्याच वर्षी नामदेव ढसाळांचा 'गोलपिठा' निघाला आणि त्याला प्रस्तावना तेंडुलकरांची. त्याच वर्षी २ ऑक्टोबरला मुंबई दूरदर्शन सुरू झालं. आणि त्याच वर्षीच्या दुष्काळात आमच्या माया आणि बाप रस्त्याच्या कामावर खडी फोडत होते. एकाच वर्षात एवढं सगळं. पण खडी फोडणाऱ्या बाईला ना दूरदर्शन दिसलं ना 'घाशीराम'. तीही कुणाला दिसली नाही.

'गोलपिठा'च्या प्रस्तावनेबद्दल तेंडुलकरांचं श्रेय त्यांना दिलंच पाहिजे. हा माणूस नामदेवबरोबर त्या वस्तीत फिरला. जे शब्द कळले नाहीत त्यांचे अर्थ त्यानं विचारले, आणि विचारले हे लिहूनही टाकलं. मराठीतल्या किती मोठ्या लेखकांनी एका पोरसवदा दलित कवीसमोर 'मला हे कळत नाही' असं म्हटलंय? बोटं मोजून बघा, एका हाताची पुरतील. १९२८ साली सारस्वत घरात जन्मलेला, चौदाव्या वर्षी शाळा सोडलेला, वर्तमानपत्रांत राबलेला हा माणूस हस्तिदंती मनोऱ्यातला नव्हता. हिंसेचा अभ्यास करायला त्यानं नेहरू फेलोशिप घेतली. हिंसा कुठं असते हे शोधायला तो बाहेर पडला, हे खोटं नाही.

मग भांडण कशाचं?

भांडण जिभेचं आहे. तेंडुलकरांच्या जगात आपला माणूस बोलतो कधी आणि गप्प असतो कधी, ते बघा.

'आक्रोश' हा गोविंद निहलानींचा १९८० सालचा चित्रपट. पटकथा तेंडुलकरांची. ओम पुरीनं उभा केलेला लहान्या भिकू हा आदिवासी. बायकोच्या खुनाचा आळ त्याच्यावर आहे आणि तो तोंडातून ब्र काढत नाही. वकील भास्कर कुलकर्णी त्याच्यासाठी धडपडतो, हादरतो, मार खातो, शहाणा होतो. म्हणजे प्रवास कुलकर्णीचा. लहान्याला शेवटी बापाच्या चितेसमोर एक किंकाळी मिळते, आणि तीही स्वतःच्या बहिणीवर कुऱ्हाड घातल्यावर. चित्रपट जबरदस्त आहे, आतडं पिळवटतं. पण पिळवटून झाल्यावर माणसानं विचार करावा, की या माणसाकडं सांगायला काय होतं?

'कमला' नाटक १९८१ चं. दिल्लीचा पत्रकार बाजारातून आदिवासी बाई विकत आणतो, कारण त्याला बातमी करायचीय. मुळात हे खरं घडलेलं. एका पत्रकारानं त्याच वर्षी बाई विकत घेऊन बाजार उघडा पाडला होता. नाटकातली कमला त्या घरच्या मालकिणीला विचारते, की तुला कितीला आणलं? काय प्रश्न आहे! त्या एका प्रश्नानं सरिताचं सगळं लग्न नागडं होतं. पण पुढं काय? कमलेची रवानगी आश्रमात. नाटक सरिताचं होतं. विकली गेलेली बाई विकल्या न गेलेल्या बाईला जागं करून विंगेत निघून जाते. तिचं काम संपलं.

अपवाद आहे, तोही सांगतो, नाहीतर हिशेब खोटा ठरेल. 'मंथन' (१९७६) मधला भोला. तिथंही पटकथेत तेंडुलकर आहेत. नसीरुद्दीनचा भोला बोलतो, चिडतो, अडून बसतो, आणि शहरातला डॉक्टर निघून गेल्यावर सोसायटी तोच पुढं नेतो. म्हणजे तेंडुलकरांना हे जमत नव्हतं असं नाही.

आणि १९८३ ला 'कन्यादान' आलं. यात एकदाचा दलित तोंड उघडतो. कवी आहे, वाणी धारदार, आत्मचरित्र गाजतंय. नाव अरुण आठवले. समाजवादी नाथ देवळालीकरांची मुलगी ज्योती त्याच्याशी लग्न करते. बापाला त्यात जातिअंताचं स्वप्न दिसतं. अरुण दारू पितो आणि पोटुशी बायको बडवतो. वर बोलतोही, की माझा बाप माझ्या मायला मारायचा, मी तेच बघत वाढलो.

म्हणजे मुका असतो तेव्हा आपला माणूस करुण. बोलायला लागला की राक्षस. सगळी मेख इथं आहे.

मान्य, नाटक नाथ देवळालीकरांवर आहे. पोटच्या पोरीवर ध्येयवादाचा प्रयोग करणाऱ्या भाबड्या समाजवाद्याची ती चिरफाड आहे. शेवटी ज्योती बापालाच आरोपीच्या पिंजऱ्यात उभं करते. हे आपल्या काही लोकांना दिसलं नाही, रागाच्या भरात दिसत नसतं. पण प्रेक्षागृहात बसलेल्या पांढरपेशाला तरी काय दिसलं? 'बघा, आम्ही म्हणत नव्हतो, यांच्यात मुलगी देऊ नये' हेच त्यानं घरी नेलं. नाटककार काय म्हणाला आणि प्रेक्षक काय घेऊन उठला, या दोन गोष्टी निराळ्या. दुसऱ्या गोष्टीला जात असते.

लोक म्हणतात, 'घाशीराम'च्या वेळी ब्राह्मण चिडले, 'कन्यादान'च्या वेळी दलित चिडले, दोघं सारखेच असहिष्णू. सारखे? नाना फडणविसाची आरती ओवाळणाऱ्या पोथ्या, बखरी, कादंबऱ्या, ऐतिहासिक नाटकं ढिगानं पडली होती. एका 'घाशीराम'नं त्यांच्या प्रतिमेचा टवकाही उडाला नाही. आपल्याकडं काय होतं? मराठीच्या मोठ्या रंगमंचावर मधोमध उभा राहून बोलणारा दलित तरुण तोवर किती जणांनी पाहिला होता? ज्याच्या घरात शंभर फोटो आहेत त्याचा एक वाकडा आला तर तो हसतो. ज्याचा एकच फोटो आहे, त्यानं काय करावं?

तरीपण चप्पल हे उत्तर नव्हतं. सांगतो काहून ते. १९९३ चा सरस्वती सन्मान तेंडुलकरांना याच 'कन्यादान'साठी मिळाला. आणि सन्मान घेताना त्यांनी चपलेची आठवण काढली. म्हणजे आपली चप्पल त्यांच्या सत्काराच्या भाषणात जाऊन बसली. ती फेकून आपण नाटक थांबवलं नाही, त्याला दागिना चढवला.

दुसरं कारण जास्त कडू आहे. अरुण आठवले खोटा आहे का? भीमनगरात, मिलिंदनगरात, आपल्या गल्लीत रात्री दहानंतर कान देऊन ऐका. स्टेजवर स्त्रीमुक्ती आणि घरी पट्टा, असे कार्यकर्ते आपण पाहिले नाहीत? हे सांगायला तेंडुलकरांची गरजच नव्हती. आपल्या बायांनी सांगितलंय. बेबी कांबळेंनी 'जिणं आमुचं'मध्ये सुनांचे हाल, नवऱ्यांचा आणि सासवांचा मार काहीही न झाकता लिहिला. शांताबाई कांबळेंनी 'माज्या जल्माची चित्तरकथा' लिहिली आणि ती 'नाजुका' नावानं दूरदर्शनवर गेली. एका दलित मास्तरणीचं आयुष्य तिच्याच हातानं लिहिलेलं, आणि ते लोकांच्या घरात दिसलं. तेंडुलकरांनीही दूरदर्शनसाठी 'स्वयंसिद्धा' लिहिली, तिच्यात प्रिया तेंडुलकर होत्या. मालिकांच्या इतिहासात 'स्वयंसिद्धा'चं नाव लोक सांगतात, 'नाजुका'चं नाव आपलीच पोरं सांगत नाहीत. शरम कुणाला वाटायला पाहिजे?

फरक काय आहे बघा. बेबीताईंनी मारणारा पुरुष दाखवला तेव्हा मार खाणारी बाई बोलत होती. 'कन्यादान'मध्ये मारणारा बोलतो, मार खाणारी ब्राह्मणाची लेक बोलते, तिचा बाप बोलतो. अरुणच्या ज्या मायनं आधी मार खाल्ला, ती नुसती उल्लेखापुरती. ती रंगमंचावर येतच नाही. तेंडुलकरांना तिचं घर माहीत नव्हतं. १९७२ साली ते अर्थ विचारत फिरले होते. या नाटकात मात्र दार देवळालीकरांचंच उघडतं, आठवल्यांचं कधीच उघडत नाही.

म्हणून मी म्हणतो, नाटकात काय घडतं ते नंतर बघा, कुणाच्या घरात घडतं ते आधी बघा. दत्ता भगतांचं 'वाटा-पळवाटा' १९८७ साली पुस्तकरूपानं आलं. त्यातही आंतरजातीय लग्न आहे. प्राध्यापक सतीश दलित, त्याची बायको हेमा ब्राह्मण. पण घर सतीशचं. बाबासाहेबांच्या काळातले काका, मधला सतीश आणि पेटलेला अर्जुन एकमेकांच्या उरावर बसतात. इथं दलित माणूस एक नाही, तीन आहेत. एक चुकला तरी दुसरा त्याला सुनावतो. कुणा एकाला सगळ्या जातीचा जामीन राहावं लागत नाही. प्रेमानंद गज्वींनी १९७७ साली 'घोटभर पाणी' लिहिलं. दोन नट, थोडीशी जागा, बस्स. अशी एकांकिका घाट चढून येते, तिला ट्रक लागत नाही. ते गज्वी २०१९ ला नागपूरच्या नाट्यसंमेलनाचे अध्यक्ष झाले. आणि आमच्या देऊळगाव राजाची शीव ओलांडली की जालना जिल्हा. तिथल्या जांब समर्थच्या राजकुमार तांगडेनं लिहिलेलं 'शिवाजी अंडरग्राउंड इन भीमनगर मोहल्ला' २०१२ साली आलं. संकल्पना आणि शाहिरी संभाजी भगतांची, दिग्दर्शन नंदू माधवांचं, आणि नाटकात खेड्यातली पोरं. मुंबईच्या नाट्यगृहांबाहेर भीमनगर मोहल्ल्याची पाटी लागली. जांबहून हे होतं तर बुलढाण्याहून काहून नाही?

आता आपली पोरं मालिका लिहायला मुंबईला जायचं म्हणतात. जावं. पोट कुणाला सुटलंय? प्रायोगिक नाटकावर तेंडुलकरांचंही घर चाललं नसतं. लेखकानं पैसे घेऊन लिहावं, त्यात पाप नाही. पण तिथं तुमच्याकडून पहिली वस्तू काढून घेतील ती जीभ. वऱ्हाडी बोलणारा चालेल, पण तो नोकर पाहिजे, नाहीतर हसवणारा. मालिकेतल्या घराला आडनाव असतं, देवघर असतं, भिंतीवर बाबासाहेब नसतात. २०१९ ला स्टार प्रवाहवर 'महामानवाची गौरवगाथा' आली, लोकांनी ती पोराबाळांसह पाहिली, चांगलं झालं. पण महामानव दाखवणं सोपं असतं. ज्याच्या घरात तो फोटो आहे असा साधा माणूस, त्याची बायको, त्यांचं भांडण, त्याची दारू, तिची बचत गटाची वही, हे रोज संध्याकाळी दाखवायला कोण धजतो ते सांगा.

आणि हे आधी गल्लीत लिहून झालं नसेल तर मुंबईला गेल्यावर लिहून होणार नाही. १४ एप्रिलच्या आधी वस्त्यावस्त्यांत एकांकिका बसतात. दरवर्षी तेच चवदार तळं, तीच दीक्षाभूमी, तेच कोटातले बाबासाहेब. यंदा एक तरी गट वेगळं बसवा. तेंडुलकरांनी मोकळी सोडलेली जागा घ्या. अरुणच्या मायला आणा. तिला वऱ्हाडीत बोलू द्या, मधे कुणी कवी घुसू देऊ नका. नवऱ्यानं मारलं ते सांगू दे, पाटलानं काय केलं ते सांगू दे, लेक कवी झाला तेव्हा काय वाटलं आणि त्यानं सुनेवर हात टाकला तेव्हा तिनं त्याचा हात धरला की नाही, तेही सांगू दे.

तालमीला समाजमंदिर आहे. बायांना पुढच्या रांगेत बसवा. त्या उठून गेल्या तर नाटक पडलं, त्या बसून राहिल्या तर उभं राहिलं. आपल्याला दुसरा परीक्षक नको.