खुर्द्याचा हिशेब

मराठी माणसाने जिंकलेल्या लढायांपैकी फार थोड्या त्याच्या रोजच्या बोलण्यात उरल्या आहेत. हरलेली एक मात्र पक्की उरली आहे. मुलगा गणितात नापास झाला, पानिपत झाले. उमेदवाराचे डिपॉझिट गेले, पानिपत झाले. किराणा दुकानदाराकडे उधारी मागावी तर तो गल्ल्यावरून मान वर न करता सांगतो, ‘विश्वास तर पानिपतातच गेला!’ अडीचशेहून अधिक वर्षे झाली, पण हा पराभव आपण अजून म्हणींत वापरतो, चेष्टेत वापरतो आणि भांडणातही वापरतो.

भांडणाचा भाग जरा गंभीर आहे. आमच्या जामनेरात लग्नाच्या पंगतीनंतर सुपारी कातरत बसलेली चार शहाणी माणसे पानिपतावर आली की पाच मिनिटांत दोष वाटायला सुरुवात होते. कोणी म्हणतो भाऊ गर्विष्ठ होता, कोणी म्हणतो होळकर निघून गेले, कोणी यात्रेकरूंवर घसरतो, तर कोणी थेट जातीवर येतो. मी अशा वेळी एकच विचारतो, ‘हे तुम्ही कुठे वाचले?’ उत्तर बहुधा ठरलेले असते. कोणी कादंबरीचे नाव घेतो, कोणी २०१९ सालच्या सिनेमाचे, आणि अलीकडे पुष्कळ जण मोबाईलवर आलेल्या मजकुराचे. मी स्वतः कादंबऱ्या लिहिल्या आहेत, त्यामुळे कादंबरीवर रुसण्याचे मला कारण नाही. पण तीस-बत्तीस वर्षे बँकेत काढल्याने एक सवय जडली आहे. कोणतीही रक्कम पाहिली की ती कोणत्या कागदावरून आली, हे विचारल्याशिवाय राहवत नाही. एवढे मोठे युद्ध समजून घ्यायचे तर कोणता कागद काय सांगू शकतो आणि काय सांगू शकत नाही, हे आधी पाहिले पाहिजे.

घटना थोडक्यात अशी. १७६० च्या फेब्रुवारीत उदगीरला निजामाचा पराभव झाला. त्यानंतर आजच्या जालना जिल्ह्यातल्या परतूरहून मार्चच्या मध्यावर सदाशिवरावभाऊ उत्तरेला निघाले. सिंदखेड, मग बुऱ्हाणपूर, असा रस्ता होता. नकाशावर रेघ ओढली तर ती आपल्या जामनेरच्या पूर्वेने, थोड्याच मजलांच्या अंतरावरून तापीकडे जाते. एप्रिलच्या आरंभी फौज बुऱ्हाणपुरात होती, मेअखेर ग्वाल्हेरला आणि ऑगस्टमध्ये दिल्लीत. ऑक्टोबरात कुंजपुरा जिंकला, पण त्याच सुमारास अब्दाली बागपतजवळ यमुना उतरला आणि दिल्ली व मराठे यांच्या मधे येऊन बसला. नोव्हेंबरपासून दोन्ही छावण्या समोरासमोर होत्या. अन्न संपले, वैरण संपली, आणि १४ जानेवारी १७६१ रोजी उपाशी फौज लढायला बाहेर पडली. दुपारपर्यंत पारडे मराठ्यांकडे झुकले होते. मग विश्वासराव गोळी लागून पडले, भाऊ गर्दीत दिसेनासे झाले आणि संध्याकाळी फौज म्हणून काही उरले नाही.

ही बातमी दक्षिणेत पोहोचली ती एका सावकारी पत्रातून. नानासाहेब पेशवे उत्तरेकडे येत होते. जानेवारीच्या अखेरीस भिलशाच्या, म्हणजे आजच्या विदिशाच्या आसपास त्यांच्या लोकांना एक जासूद सापडला. तो सावकारांचा होता, औरंगाबादच्या पेढीकडे निघालेला. पत्रात लढाईचा शब्दही नव्हता, नाण्यांची भाषा होती. दोन मोती गळाले, सत्तावीस मोहरा हरवल्या आणि रुपये व खुर्दा किती गेला त्याची गणती नाही, असा त्याचा आशय. मोती म्हणजे भाऊ आणि विश्वासराव, मोहरा म्हणजे सरदार. रुपये आणि खुर्दा म्हणजे बाकी सगळे.

बँकेत आयुष्य गेलेल्या माणसाला हे पत्र फार लागते. सावकाराने नुकसान लिहिले आणि लिहितानाच प्रतवारीही लावली. मोत्यांची संख्या आहे, मोहरांची आहे, पण खुर्द्याला संख्या नाही. पानिपताविषयी पुढे जे जे लिहिले गेले, ते वाचताना मी मनाशी हाच प्रश्न ठेवतो की यात खुर्द्याचा हिशेब किती आहे?

प्रथम अस्सल पत्रे. विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांनी १८९८ साली ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड काढला, तो पानिपतच्या काळातील पत्रांचाच. पुढे गोविंद सखाराम सरदेसाई यांच्या संपादनाखाली पेशवे दप्तरातील निवडक कागदांचे पंचेचाळीस भाग निघाले. ही पत्रे वाचताना तलवारींचा खणखणाट ऐकू येत नाही. ऐकू येते ती पैशाची मागणी. भाऊ अंतर्वेदीतल्या गोविंदपंत बुंदेल्यांकडे पैसा मागतात, रसद मागतात, अब्दालीची रसद तोडा म्हणतात. तिकडून अडचणी येतात. एखाद्या थकलेल्या कर्जखात्याची फाईल उघडावी तसे हे वाचन आहे. मागणी, मुदत, स्मरणपत्र, पुन्हा मुदत. दिल्लीत लाल किल्ल्यातल्या दिवाण-इ-खासचे रुप्याचे छत काढून त्याची नाणी पाडावी लागली आणि त्यातून नऊ लाखांच्या आसपास रुपये निघाले. त्या वेळच्या एवढ्या मोठ्या छावणीला ही रक्कम किती दिवस पुरणार?

पत्रांचा गुण असा की लिहिणाऱ्याला पुढे काय होणार हे ठाऊक नसते, म्हणून ती शहाणपणाचा आव आणत नाहीत. पण तीच पत्रे वाचून दोन मोठे अभ्यासक दोन निर्णयांवर येतात. राजवाड्यांनी गोविंदपंतांवर कडक ठपका ठेवला. पुढे इतरांनी त्यांची बाजू मांडली, की हा वय झालेला मामलेदार होता, लढवय्या नव्हता, आणि शेवटी डिसेंबर १७६० मध्ये त्याच कामावर असताना मारला गेला. त्र्यंबक शंकर शेजवलकरांनी ‘पानिपत १७६१’ मध्ये साऱ्या पुराव्याची पुन्हा उलटतपासणी केली. यावरून इतिहासकार एकमेकांना खोटे पाडतात असे समजू नये. चांगला इतिहास म्हणजे दर काही वर्षांनी पुन्हा होणारे ऑडिट. ते संपत नाही आणि संपूही नये.

दुसरी बखर. ‘भाऊसाहेबांची बखर’ लढाईनंतर थोड्याच वर्षांत लिहिली गेली असे मानतात. तिची भाषा आजही अंगावर येते. माणसे बोलतात, रुसतात, टोमणे मारतात. आकड्यांच्या बाबतीत मात्र बखरकारांचा हात सैल असतो. त्यांच्या फौजा लाखांनी मोजल्या जातात, तर जदुनाथ सरकार लढाऊ मराठी फौज पंचेचाळीस हजारांच्या घरात धरतात. याला खोटेपणा म्हणण्यापेक्षा शोकाचे गणित म्हणावे. दुःख मोठे असले की आकडा आपोआप मोठा होतो.

लोकांच्या आठवणीचेही असेच असते. ऐन संक्रांतीच्या दिवशी पानिपत झाले, असे आपण सर्रास म्हणतो. तारीख चौदा जानेवारी, म्हणून संक्रांत. पण मकर संक्रमणाचा दिवस इंग्रजी तारखेत हळूहळू पुढे सरकत आला आहे. स्वामी विवेकानंदांचा जन्म संक्रांतीचा, आणि तारीख १२ जानेवारी १८६३. त्याच्याही शंभर वर्षे आधी, १७६१ साली, लढाईच्या दिवशी संक्रांत होऊन गेलेली होती. तिथी होती पौष शुद्ध अष्टमी. तरी ‘संक्रांत कोसळली’ हा शब्दप्रयोग आपल्या मनात त्या दिवसाशी घट्ट बसला आहे. स्मृतीला तारखेपेक्षा अर्थाची ओढ अधिक असते.

तिसरे, ज्यांनी स्वतः पाहिले त्यांचे लिहिणे. काशीराज पंडित हा शुजाउद्दौल्याच्या पदरी, म्हणजे शत्रूच्या गोटात होता. तहाच्या बोलण्यात त्याचा हात होता, आणि सुमारे वीस वर्षांनी त्याने फारसीत जे लिहिले ते सगळ्या इतिहासकारांना वापरावे लागले. पलीकडच्या तंबूतून आपण कसे दिसत होतो, हे त्यावरून कळते. आपल्या बाजूने नाना फडणीस. हा तेव्हा अठरा वर्षांचा, विश्वासरावांच्याच वयाचा. तीर्थयात्रा घडावी म्हणून आई आणि बायको बरोबर. त्याचे छोटेसे आत्मचरित्र वाचले तर पुढे मोठा मुत्सद्दी झालेला हा माणूस त्यात सापडत नाही. सापडतो तो जीव वाचवून रानोमाळ पळणारा, अंगावरचे वस्त्र टाकून दिलेला, आईची ताटातूट झालेला पोर. बायको पुढे भेटली, आई गेली. कोण चुकले याची चर्चा तो फारशी करीत नाही. आपण वाचलो याचेच त्याला नवल आणि त्याचेच ओझे.

आठवणींना मर्यादा असते. ज्याने पाहिले त्याने आपल्या डोळ्यांपुढचे तेवढेच पाहिले. शिवाय लिहिता येणारा आणि जगलेला, असाच माणूस आठवणी लिहितो. फौजेबरोबरचे तेली, तांबोळी, मोतद्दार, ओझेवाले, पाणके यांतल्या एकाचेही आत्मचरित्र आपल्याकडे नाही. इतिहासाने त्या सगळ्यांना ‘बुणगे’ हा एकच शब्द दिला आणि पराभवाच्या कारणांत त्यांची नोंद केली.

इथे कादंबरीचे काम सुरू होते. विश्वास पाटलांची ‘पानिपत’ १९८८ साली आली आणि वाचनालयांत तिच्यासाठी नंबर लागू लागले. बखरीच्या छापातला हेकट भाऊ लोकांच्या मनातून उतरला आणि अडचणीत सापडलेला, झुंजणारा भाऊ उभा राहिला, त्यात या कादंबरीचा वाटा मोठा आहे. पण कादंबरीकाराचे भांडवल राजवाडे, सरदेसाई, शेजवलकर यांच्या पेढीवरून आलेले असते, हे विसरू नये. त्या भांडवलावर तो जे उभारतो ते वेगळे असते. अडीच महिने उपाशी छावणीतली थंडी कशी वाटली असेल, बैल मेल्यावर गाडीवाल्याने गाडीचे काय केले असेल, हे कोणत्याही पत्रात नाही आणि म्हणून इतिहासकाराला ते लिहिता येत नाही. कादंबरीकाराला लिहिता येते. अट एकच, वाचकाने ते पुराव्याच्या खात्यात जमा करू नये.

मला या सगळ्यात पार्वतीबाई सर्वांत जवळच्या वाटतात. भाऊंच्या पत्नी लढाईतून वाचून पुण्यास आल्या आणि पुढे वीसेक वर्षे जगल्या, पण त्यांनी वैधव्य स्वीकारले नाही. मधे एक तोतया भाऊ म्हणून उभा राहिला, त्याने मोठे बंड केले, १७७६ साली तो मारला गेला, तरी बाईंचा निश्चय हलला नाही. मी एका खेड्यातल्या शाखेत असताना एक बाई दरवर्षी दिवाळीनंतर यायच्या. नवरा कामाला म्हणून गेला तो परतलाच नव्हता. सात वर्षे कोणाची काही खबर नसेल तर कायदा त्या माणसाला मृत धरू देतो. ती मुदत कधीच उलटली होती. मी त्यांना कागद समजावून सांगितला, खात्यातली रक्कम त्यांना मिळवून देता येईल असे म्हटले. बाई म्हणाल्या, ‘साहेब, व्याज तेवढं लिहून द्या.’ पासबुक घेतले आणि गेल्या. मृत्यूची नोंद करायला त्यांचा अंगठा कधी उमटला नाही. पार्वतीबाईंविषयी ग्रंथांत दोन ओळी असतात. त्या दोन ओळींचे वजन मला त्या काउंटरवर कळले.

म्हणून माझे म्हणणे साधे आहे. पत्रे वाचावीत ती काय घडले हे कळावे म्हणून. बखर वाचावी ती लोकांना ते कसे वाटले हे कळावे म्हणून. आत्मचरित्र एका जिवावर काय बेतले हे सांगते, आणि ज्यांनी काहीच लिहून ठेवले नाही त्यांची आठवण कादंबरी ठेवते. यांतले एकच पुस्तक वाचून जो न्यायाधीश होतो, तो बहुधा आपल्या आवडीच्या माणसाला सोडतो आणि नावडत्याला फाशी देतो. अडीचशे वर्षांपूर्वीच्या पराभवावरून आज शेजाऱ्याच्या जातीला टोमणा मारणे ही त्या मेलेल्यांची स्मृती नव्हे. इब्राहिमखान गारदी मराठ्यांच्या बाजूने लढला, पकडला गेला आणि मारला गेला. पळून आलेल्या जखमींना भरतपूरच्या सूरजमल जाटाने आसरा आणि अन्न दिले. बाजीराव-मस्तानीचा मुलगा समशेरबहादूर त्याच मुलखात जखमांनी वारला. पानिपताचा हिशेब एका जातीच्या, एका धर्माच्या रकान्यात बसत नाही. बसवायला गेले की बेरीज चुकते.

आणि एक काम आपल्या खानदेशाकडे आहे. ज्या राजवाड्यांनी गावोगाव पायपीट करून माळ्यांवरची दप्तरे वाचवली, त्यांनी देह ठेवला तो आपल्या धुळ्यात, ३१ डिसेंबर १९२६ रोजी. त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ तिथे १९२७ पासून आहे. आपल्याकडच्या जुन्या वाड्यांत अजूनही मोडी कागदांची गाठोडी निघतात. वाटणी होते, वाडा पाडायला काढतात आणि गाठोडे रद्दीवाल्याच्या तराजूत जाते. त्यात पेशव्यांचे पत्र असेलच असे नाही. एखाद्या पाटलाने वैरण दिल्याची पावती असेल, कोणा गाडीवानाला दिलेल्या चार रुपयांची नोंद असेल. पण सावकाराच्या त्या पत्रात ज्याला संख्या मिळाली नाही, त्या खुर्द्याचा हिशेब मिळाला तर अशाच कागदांत मिळेल. तेव्हा या सुट्टीत माळा झाडायला काढलात, तर गाठोडे सोडून पाहा. वाचता आले नाही तरी फेकू नका. मोडी वाचणारी माणसे अजून आहेत, आणि धुळे फार लांब नाही.