अश्वत्थाम्याला परदेशी ठरवणारे

‘तलवार आणि चेटूक यांच्या कथा हा गोऱ्यांचा खेळ आहे, मराठी मातीत तो रुजायचा नाही.’ एका परिसंवादात हे वाक्य ऐकलं, तेव्हा वक्त्याच्या खांद्यावर शाल होती आणि सभागृहात टाळ्या. मी चोपड्याचा. आमच्या तालुक्याच्या उत्तरेला सातपुडा आहे. त्या डोंगरात कपाळाची न भरणारी जखम घेऊन अश्वत्थामा नावाचा एक शापित योद्धा हिंडतो, हे मी शाळेत जाण्याआधीच ऐकलं होतं. आजी सांगायची, ‘तो तेल मांगाले येस, तेले नही म्हनू नको.’ तिकडे धडगाव तालुक्यात अस्तंब्याच्या शिखरावर दिवाळीत त्याच्यासाठी यात्रा चढते. आणि हे शालवाले मला सांगणार, की हा प्रकार आपला नव्हे!

महाराज, महाभारतातलं सौप्तिकपर्व उघडा. रात्र आहे, युद्ध हरलंय. वडावर झोपलेल्या कावळ्यांना घुबड टिपून मारतंय, ते पाहून अश्वत्थाम्याच्या डोक्यात पाप शिरतं. छावणीच्या दारात एक भयानक भूत उभं राहतं आणि याची सगळी शस्त्रं गिळून टाकतं. मग हा स्वतःलाच अग्नीत अर्पण करायला निघतो. महादेव प्रसन्न होतात, त्याच्या हाती खड्ग देतात आणि त्याच्या देहात शिरतात. पुढे झोपलेल्या माणसांची कत्तल. तलवार आली, दैवी शक्ती आली, अंगावर काटा आला. आणखी काय हवं? पासपोर्ट?

आता थोडं साहेबाच्या देशात जाऊ. या कथाप्रकाराला ‘सोर्ड अँड सॉर्सरी’ हे नाव फ्रिट्झ लायबरने १९६१मध्ये दिलं, पण वस्तू त्याआधीची. रॉबर्ट हॉवर्डचा कोनन डिसेंबर १९३२मध्ये अवतरला तो ‘विअर्ड टेल्स’ या मासिकात, म्हणजे भुताखेतांच्या शेजारीच. हॉवर्ड भयकथा लिहायचा, लायबरही लिहायचा. लिव्हरपूलच्या रॅम्झी कॅम्पबेलची सारी कीर्ती भयकथांवर उभी आहे. त्यानेही १९७०च्या दशकाच्या उत्तरार्धात रायर नावाच्या भाडोत्री तलवारबाजाच्या कथा लिहिल्या. १९९६मध्ये त्या ‘फार अवे अँड नेव्हर’ या छोट्या संग्रहात एकत्र आल्या. भयकथाकाराने हातात तलवार घेतली म्हणून तिकडे कुणाला फेफरं आलं नाही. उलट हे काम त्याचंच आहे. नुसती मारामारी कोणीही लिहील. समोर जे उभं आहे त्याला पातं लागणारच नाही, हे उमगल्यावर तलवारीच्या मुठीवरची बोटं कशी गार पडतात, ते भयकथाकारालाच लिहिता येतं.

मराठीत हे कुणी करायचं? नारायण धारपांसारख्यानेच. जन्म १९२५, मृत्यू २००८, आणि मधल्या काळात पुस्तकांचा ढीग. त्यांचा ‘समर्थ’ अघोरी शक्तींना मंत्र आणि मनोबळाने तोंड देतो. लायब्ररीत धारपांचं पुस्तक मला कधी कोरं मिळालं नाही. पुठ्ठा सुटलेला, पानांना तेलाचे डाग, शेवटचं पान कुणीतरी पळवलेलं. आणि समीक्षेत? शुकशुकाट! ज्या लेखकाची पुस्तकं वाचून वाचून फाटली, त्याच्याबद्दल बोलायला विद्वानांची जीभ जड होते. नंतर हेच विद्वान तरुण पोरं वाचत नाहीत म्हणून गळे काढतात.

बरं, आक्षेप काय? धारपांनी उसनवारी केली. केली! ‘शपथ’मागे स्टीफन किंगची ‘इट’ आहे, ‘लुचाई’मागे ‘सेलम्स लॉट’. मग देवलांच्या ‘झुंझारराव’मागे शेक्सपिअरचा ‘ऑथेल्लो’ आहे आणि ‘संशयकल्लोळ’मागे मोलिएर, त्याचं काय करायचं? रंगभूमीवर घेतलं की रूपांतर आणि भयकथेत घेतलं की चोरी, हा न्याय कुठल्या स्मृतीत लिहिलाय?

दुसरा आक्षेप याहून पोकळ आहे: अद्भुतात जीवनदर्शन नसतं. हे म्हणणारी माणसं जी. ए. कुलकर्णींपुढे हात जोडून उभी असतात! ‘रमलखुणा’ १९७५चा. त्यात दोनच दीर्घ कथा, ‘प्रवासी’ आणि ‘इस्किलार’, दोन्ही नकाशावर नसलेल्या मुलखात घडणाऱ्या. भविष्य, नियती, हिंसा, अनोळखी नावं, सगळं आहे. मला जी. ए. प्राणापलीकडे आवडतात, म्हणूनच राग येतो. त्यांनी तो अज्ञात प्रदेश उभा केला तर ती रूपककथा, चिंतन, अस्तित्वाचा शोध. दुसरा कुणी त्याच वाटेने कंदील घेऊन निघाला तर बाजारू! वाट तीच आहे की नाही? मग दारावर जात कसली विचारता?

याची किंमत लेखक मोजतात. अडावदच्या, लासूरच्या एखाद्या पोराच्या डोक्यात असली गोष्ट असते, सातपुडा त्याला रोज दिसतो, पण लिहायला बसलं की तो मुकाट्याने मास्तरांना आवडेल अशी रडकी कथा लिहितो. कारण स्पर्धेला तीच चालते, हे त्याला पक्कं कळलेलं असतं. मला ती वाचायची नाही. दिवेलागणीला तेलाच्या घाण्यापाशी एक उंच माणूस येतो, कपाळ फडक्याने बांधलेलं. घाणेवाला तेल मोजून देतो, पैसे घेत नाही, आणि त्या रात्रीपासून त्याच्या घरात कुणालाच झोप लागत नाही. पुढे काय झालं, ते मला मराठीत वाचायचंय.