शिक्का कोणाच्या खिशात?

२०११ च्या जनगणनेने बालाघाट जिल्ह्यात दर हजार पुरुषांमागे १०२१ स्त्रियांची नोंद केली. साऱ्या मध्य प्रदेशात दुसऱ्या कोणत्याही जिल्ह्याचे प्रमाण एवढे नव्हते. या जिल्ह्यातून दिल्लीच्या लोकसभेत पहिली स्त्री कधी गेली? २०२४ साली! स्वतंत्र भारताच्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीला तेव्हा बहात्तर वर्षे होऊन गेली होती. लोकशाही म्हणजे बहुमताचे राज्य, असे आपण शाळेत शिकतो. बालाघाटच्या बहुमताने मात्र पाऊण शतक मते द्यावीत आणि दाराशी उभे राहावे, असाच जणू संकेत होता.

आज आम्ही लिहीत आहोत ते खैरलांजीकडे पाहून. हे नाव उच्चारताच वाचकांना २००६ सालचे ते भीषण हत्याकांड आठवेल. ते गाव महाराष्ट्राच्या भंडारा जिल्ह्यातले. आम्ही म्हणतो ती खैरलांजी सीमेपलीकडची, बालाघाट जिल्ह्यातील तहसिलीची आणि जनपद पंचायतीची. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात आले, बालाघाट नव्या मध्य प्रदेशात राहिला, आणि ज्या मुलुखाची कचेरी-दरबाराची वाट नागपूरला जात होती त्याला भोपाळची वाट धरावी लागली. त्या सीमेविषयी आम्ही पुष्कळ लिहिले आहे आणि पुढेही लिहू. आज मात्र जो रोग सीमेच्या दोन्ही अंगांना सारखाच पसरला आहे त्याविषयी लिहावयाचे आहे. भोपाळच्या नावाने खडे फोडून तो बरा होणार नाही.

हा मुलुख नागपूरच्या विधानसभेत बसत होता तेव्हाची एक गोष्ट. १९३७ साली मध्यप्रांत-वऱ्हाडच्या विधानसभेने अनसूयाबाई काळे यांची उपाध्यक्षपदी निवड केली. पुढे चिमूर-आष्टीच्या फाशीच्या कैद्यांसाठी त्या झटल्या आणि १९५२ व १९५७ साली नागपूरमधून लोकसभेवर निवडून आल्या. बालाघाटची मुलगी, लांजीच्या आमदार हिना कावरे, मध्य प्रदेश विधानसभेच्या उपाध्यक्ष झाल्या त्या २०१९ च्या जानेवारीत. दोन प्रसंगांमध्ये ब्याऐंशी वर्षे आहेत. एवढ्या काळात नातीची नात मतदार होते. पायरी मात्र तीच!

ही वर्षे गेली कोठे? दोष केवळ सरकारचा म्हणता येणार नाही. १९३५ च्या कायद्याने प्रांतिक विधानसभांत स्त्रियांसाठी काही जागा राखल्या, तेव्हा देशातील प्रमुख स्त्रीसंघटनांनीच त्या तत्त्वाला विरोध केला होता. आम्हांला उपकाराची खुर्ची नको, पुरुषांच्या बरोबरीने लढून मिळवू, असा त्यांचा बाणा होता. घटना समितीत पंधरा स्त्रिया बसल्या होत्या. तेथेही राखीव जागांविरुद्ध स्त्रियांनीच आवाज उठविला. त्या मानी बाण्यापुढे आम्ही आजही नतमस्तक होतो. पण बाणा एकीकडे आणि पक्षांची तिकिटे दुसरीकडे, हे त्यांना कळायला फार वेळ लागला. १९७४ साली स्त्रियांच्या स्थितीची पाहणी करणाऱ्या सरकारी समितीनेही विधिमंडळांतील राखीव जागा बहुमताने नाकारल्या. वीणा मजुमदार आणि लोतिका सरकार यांनी मात्र आपले मत निराळे नोंदविले. समतेच्या गोष्टी सांगणारे पक्ष स्त्रीला उमेदवारी देत नाहीत, हे पंचवीस वर्षांच्या निवडणुकांनी दाखवून दिल्यावर जुना बाणा धरून बसण्यात अर्थ नाही, असे त्यांना वाटले. आमच्या मते त्या दोघींचेच बरोबर होते.

त्यानंतर जो धक्का बसला तो दिल्लीच्या सभागृहांतून नव्हे, आमच्या महाराष्ट्राच्या शेतांतून. नोव्हेंबर १९८६ मध्ये नाशिक जिल्ह्यातील चांदवड येथे शेतकरी संघटनेच्या महिला आघाडीचे अधिवेशन भरले आणि स्थानिक निवडणुका स्त्रियांनी स्वतः लढवाव्यात, हा विचार खेड्यापाड्यांत गेला. १९८९ साली जळगाव जिल्ह्यातील विटनेर आणि यवतमाळ जिल्ह्यातील मेटीखेडा येथे स्त्रियांची पॅनेले निवडून आली. त्यांना कोणी राखीव जागा दिली नव्हती. १९९० साली महाराष्ट्र सरकारने स्थानिक संस्थांत स्त्रियांना तीस टक्के जागा राखल्या, तेव्हा सरकारला एकाएकी साक्षात्कार झाला असे कोणी समजू नये. बायका आपण होऊन येऊ लागल्या आहेत, मग दार आपणच उघडलेले बरे, एवढा व्यवहार मंत्र्यांना कळतो. असो. दार उघडले हे महत्त्वाचे. एप्रिल १९९३ मध्ये त्र्याहत्तरावी घटनादुरुस्ती अमलात आली आणि साऱ्या देशात पंचायतींच्या एक तृतीयांश जागा व अध्यक्षपदे स्त्रियांची झाली.

येथे मध्य प्रदेशाला श्रेय द्यायला आमची जीभ अडखळत नाही. नव्या घटनादुरुस्तीप्रमाणे पंचायतींच्या निवडणुका सर्वांत आधी घेतल्या त्या मध्य प्रदेशाने, १९९४ साली. पुढे स्त्रियांचा वाटा निम्म्यावर नेण्याची सुरुवात बिहारने २००६ मध्ये केली. मध्य प्रदेशानेही ती वाट धरली आणि महाराष्ट्राने २०११ मध्ये. म्हणजे खैरलांजीच्या शेतकरणीला निम्म्या पंचायतीचा हक्क कायद्याने मिळाला आहे. कागद पक्का आहे.

पण त्या कागदाचे पुढे काय झाले? २००१ साली मध्य प्रदेशाने दोनहून अधिक मुले असणाऱ्यांना पंचायतीतून बाद करणारा नियम लागू केला. मूल किती व्हावे हे ज्या घरात स्त्रीला कोणी विचारत नाही, त्या घरातील तिसऱ्या मुलाची शिक्षा तिच्या सरपंचपदाला! २००५ मध्ये तो नियम मागे घेतला गेला, पण तोवर किती कर्तबगार बाया घरी बसल्या असतील? महाराष्ट्रानेही असाच नियम केला, तेव्हा सीमेच्या अलीकडच्यांनी फार हसू नये. प्रतिनिधीला परत बोलावण्याचा अधिकार हे मोठे लोकशाही शस्त्र. ते मध्य प्रदेशात नगरपालिकेच्या अध्यक्षावर प्रथम चालले २००१ मध्ये, अनूपपूर येथे, आणि जिच्यावर चालले ती स्त्री होती. आम्ही त्या शस्त्राच्या विरुद्ध नाही. ते प्रथम कोणाच्या मानेकडे वळते एवढेच दाखवीत आहोत.

आणि २०२२! त्या वर्षीच्या पंचायत निवडणुकांनंतर सागर जिल्ह्यातील जैसीनगर आणि दमोह जिल्ह्यातील गैसाबाद येथे निवडून आलेल्या स्त्रियांऐवजी त्यांच्या घरच्या पुरुषांनी शपथ घेतल्याचे उघडकीस आले. मते बाईला, शपथ बुवाला! वरातीत नवरदेवाऐवजी त्याचा भाऊ घोड्यावर बसला तर गाव हसेल. येथे मात्र टाळ्या वाजल्या. बोभाटा झाल्यावर सरकार हलले हे खरे. पण ज्या सभेत हे घडले तेथे एवढी माणसे बसली असताना एकालाही उठून उभे राहावेसे वाटले नाही, याचे आम्हांला अधिक दुःख होते.

शपथेचा प्रकार नजरेस येतो म्हणून त्यावर ओरड होते. खरा अपहार शांतपणे चालतो. पंचायतीचा सचिव सहीसाठी कागद घेऊन घरी येतो. ओसरीवर सरपंचपती चहा पितात. आतून बाईंची सही होऊन कागद परत येतो. कागदावर काय लिहिले आहे हे सांगण्याची गरज कोणाला वाटत नाही. पूर्वी शिक्का नवऱ्याच्या खिशात असे. आता पंचायतीचे पैसे सरपंच आणि सचिव यांच्या डिजिटल स्वाक्षरीने निघतात. म्हणून शिक्क्याची जागा बोटभर डोंगलने घेतली, खिसा तोच राहिला. उद्या त्या पैशांत घोटाळा निघाला तर नोटीस मात्र बाईंच्या नावाने येईल.

खैरलांजीसारख्या सीमेवरच्या टापूत याला आणखी एक पदर आहे. घरात मराठी किंवा पोवारी बोलणारी बाई पंचायतीत येते आणि तिच्यापुढे सरकारी हिंदीतला कागद ठेवला जातो. ही बाजारात ऐकलेली हिंदी नव्हे. 'अनुशंसा', 'अनुमोदन', 'क्रियान्वयन' यांची हिंदी आहे. बाई क्षणभर थबकते, आणि तेवढ्यात कोणीतरी म्हणतो, वहिनी, तुम्ही नुसती सही करा. वहिनी! सभेच्या अध्यक्षाला नात्याने हाक मारली की तिची खुर्ची गेली असे समजावे. ग्रामसभेचे इतिवृत्त तिच्या भाषेत मोठ्याने वाचून दाखविले जावे आणि त्यानंतरच तिची सही घेतली जावी, एवढी मागणी करायला कोणत्याही सीमाआयोगाची आवश्यकता नाही.

हे सारे असूनही पायऱ्या चढल्या जात आहेत. २०२४ साली बालाघाटमधून लोकसभेवर गेलेल्या भारती पारधी या बालाघाट नगरपालिकेच्या नगरसेविका होत्या. २०२३ मध्ये गौरीशंकर बिसेन यांच्यासारख्या मुरलेल्या पुढाऱ्याला पाडून विधानसभेवर गेलेल्या अनुभा मुंजारे याही नगरपालिकेतून वर आलेल्या. दोघी परस्परविरोधी पक्षांच्या. आम्हांला येथे पक्षाशी कर्तव्य नाही. शाळा कोणती, याकडे आमचे लक्ष आहे. मुंजारेबाईंच्या घरचा प्रसंग तर सर्वश्रुत आहे. पती कंकर मुंजारे माजी खासदार. २०२४ मध्ये ते दुसऱ्या पक्षाकडून लोकसभेला उभे राहिले आणि एका छताखाली दोन पक्ष नकोत म्हणून घर सोडून बाहेर राहिले. बाईंनी ना पक्ष सोडला, ना घर. आमच्या वाचकांपैकी कित्येकांना यात विनोद दिसला असेल. आम्हांला त्यात जिल्ह्याच्या इतिहासातले एक पान उलटलेले दिसले.

कोणी म्हणेल, या बहुतेकजणी बापाच्या नाहीतर नवऱ्याच्या पुण्याईवर येतात. हिना कावरे यांचे वडील, मंत्री लिखीराम कावरे, यांची १९९९ मध्ये नक्षलवाद्यांनी हत्या केली. गोव्यात विलीनीकरणाचा झेंडा घेऊन निघालेल्या महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाने १९७३ साली शशिकलाताई काकोडकरांना मुख्यमंत्री केले, तेही भाऊसाहेब बांदोडकर निवर्तल्यावर. हे खरे आहे. पण पित्याची गादी मुलाने चालविली की तो वारसदार, आणि मुलीने चालविली की ती बाहुली, हा न्याय कोठला? शशिकलाताईंनी १९७९ पर्यंत राज्य चालविले.

आता वरच्या सभागृहांकडे वळू. संसद आणि विधानसभांत स्त्रियांना एक तृतीयांश जागा देणारे विधेयक प्रथम आले १९९६ मध्ये. संमत झाले सप्टेंबर २०२३ मध्ये, लोकसभेत ४५४ विरुद्ध २ मतांनी. सत्तावीस वर्षे ज्याला पाय फुटले नाहीत ते दोन दिवसांत दोन्ही सभागृहांतून धावत गेले. मात्र जाता जाता जनगणना आणि मतदारसंघांची फेररचना अशी दोन कुलपे त्याला लावली गेली. त्यामुळे २०२४ ची लोकसभा त्याच्याविनाच निवडली गेली आणि ५४३ जागांवर ७४ स्त्रिया आल्या. खेड्यातील सरपंचपदासाठी ज्या तत्परतेने चिठ्ठ्या काढल्या जातात, ती तत्परता स्वतःच्या जागेची वेळ आली की पुढाऱ्यांना आठवत नाही.

परंतु पुढाऱ्यांना बोल लावताना आम्ही आमच्या घराकडेही पाहणार आहोत. सीमाभागातील कोणत्याही मोर्च्याचे छायाचित्र काढून पाहा. पुढच्या रांगेत बायका; लाठीपुढे प्रथम त्या. सभेचे व्यासपीठ उभारले की त्या खाली सतरंजीवर, आणि उमेदवारांची यादी निघाली की त्या राखीव प्रभागापुरत्या. पाच वर्षांनी चिठ्ठी फिरली, प्रभाग खुला झाला, की चांगले काम केलेल्या बाईंना सांगायचे, ताई, आता भाऊसाहेबांना संधी द्या! खुल्या प्रभागात स्त्रीला उभे करू नये असे कोणत्या कायद्यात लिहिले आहे?

येत्या स्थानिक निवडणुकांसाठी गावोगावच्या समित्या आपापल्या याद्या तयार करतील. त्या आमच्याकडे प्रसिद्धीसाठी येतात. यापुढे प्रत्येक यादीखाली आम्ही दोन आकडे छापणार आहोत: एकूण स्त्रिया किती, आणि त्यांपैकी खुल्या जागेवर किती.