एक देश फुकटात!

"व्हिएन्नाला चाललाय ना? मग एक दिवस ब्रातिस्लाव्हा पण करून टाका. तासाभराचं अंतर. एक देश फुकटात पडतो!"

हे वाक्य मी गेल्या दोन-तीन वर्षांत इतक्या जणांकडून ऐकलंय की आता समोरच्याने 'व्हिएन्ना' म्हटलं की पुढचं मीच म्हणून टाकतो. यातलं 'करून टाका' माझ्या डोक्यात जातं. भांडी घासून टाका, लाइटबिल भरून टाका, तसं स्लोव्हाकिया करून टाका. आणि 'फुकटात' कसलं? हॉटेलच्या दारातून उचलणारी खाजगी गाडी, सोबत फक्त आपल्यासाठी गाईड, संध्याकाळी परत हॉटेलच्या दारात. पाच जणांत वाटून घेतलं तरी आकडा बघून बायको गप्प होते.

तर मंडळी, आज या 'एकदिवसीय शेजारच्या राजधानी'बद्दल थोडं भांडायचंय. लगेच सांगून टाकतो, माझं भांडण एका दिवसात जाण्याशी नाही. आपल्याला मिळते दोन आठवड्यांची रजा, व्हिसाचा सोपस्कार जिवावर येतो, आईबाबांचे गुडघे बोलत असतात. एक दिवस तर एक दिवस. खाजगी गाईड घेण्याशी तर अजिबातच भांडण नाही. उलट माझं म्हणणं असं आहे की एकाच दिवसात परक्या शहराशी काही ओळख व्हायची असेल, तर ती त्या गाईडमुळेच होऊ शकते. आणि आपण नेमकं तिलाच वाया घालवतो.

आधी सहलीचा ठरलेला साचा बघा. सकाळी नऊला निघायचं. दहा-सव्वादहाला किल्ल्याच्या गच्चीवर डॅन्यूबसोबत फोटो. मग जुन्या शहरात चालत चक्कर, मिखाएल दरवाजाखाली फोटो. मग गटाराच्या झाकणातून डोकं बाहेर काढून बसलेला तो ब्राँझचा माणूस, चुमिल. हा १९९७ साली बसवला, म्हणजे आमच्या सोसायटीच्या लिफ्टपेक्षा नवा. पण त्याच्याशेजारी उकिडवं बसायला रांग लागते! मग जेवण, चुंबक-कीचेन, आणि चारला परत. जाहिरातीत लिहिलेलं असतं, 'व्हिएन्नाची गोड धाकटी बहीण'. कोणी विचारलं का त्या बहिणीला?

आता दुसरी पार्टी. हे आपले ब्लॉगवाले मित्र. (रागावू नका, मीही त्यातलाच.) यांचं मत असं की गाईड घेणारे ते 'टूरिस्ट' आणि पाठीवर सॅक टाकून एकटे भटकणारे ते 'ट्रॅव्हलर'. गाईड म्हणजे मेंढरांचा धंदा. यांच्या पोस्टी मी आवडीने वाचतो. ब्रातिस्लाव्हात कॉफी कुठे चांगली मिळते, बीअर किती स्वस्त, संध्याकाळी गल्लीत उजेड कसा पडतो, सगळं असतं. नसतं ते त्या शहरातल्या एकाही माणसाचं बोलणं. भाषा येत नाही, ओळख कोणाची नाही, मग बोलणार कोणाशी? एकट्याने भटकलं की शहर आपोआप उलगडतं ही निव्वळ समजूत आहे. काही गोष्टी कोणीतरी सांगितल्याशिवाय दिसतच नाहीत.

उदाहरण देतो. आम्ही पाच जण गेलो होतो. आई, बाबा, आत्या आणि आम्ही दोघं. गाईड पंचेचाळिशीच्या पुढची, तिथलीच. तिने संत मार्टिनच्या चर्चचा मनोरा दाखवला. टोकावर क्रॉसच्या जागी सोनेरी मुकुट आहे. १५६३ ते १८३० या काळात हंगेरीच्या ११ राज्यकर्त्यांचे राज्याभिषेक इथे झाले, त्यात १७४१ साली मारिया थेरेसाचाही. म्हणजे आपण ज्या गावाला व्हिएन्नाची धाकटी बहीण म्हणतो, तिथे येऊन व्हिएन्नाच्या हॅब्सबर्ग घराण्याला हंगेरीचा मुकुट डोक्यावर ठेवून घ्यावा लागत होता!

मग गावाचं नाव. जर्मन याला प्रेसबुर्ग म्हणत, हंगेरियन पोझोन्य, स्लोव्हाक लोक प्रेशपोरोक. ब्रातिस्लाव्हा हे अधिकृत नाव १९१९ सालचं. १९१० च्या जनगणनेत गावची वस्ती सुमारे ७८ हजार होती. त्यात साधारण ४२ टक्के जर्मन भाषिक, ४० टक्के हंगेरियन, आणि स्लोव्हाक? जेमतेम १५ टक्के. आज जी स्लोव्हाकांची राजधानी आहे, तिथे शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी स्लोव्हाकच अल्पसंख्य.

हे ऐकल्यावर आमचे बाबा थबकले. मुंबईत जन्म गेलेल्या माणसाला ही गोष्ट वेगळी समजवावी लागत नाही. शहर कोणाचं, जे संख्येने जास्त त्यांचं, ज्यांच्या हातात पैसा त्यांचं, की ज्यांच्या भाषेच्या मुलखात ते आहे त्यांचं? आपल्याकडे या प्रश्नावर माणसं मेली. त्यानंतर १ मे १९६० ला मुंबईसह महाराष्ट्र झाला. दोन्हीकडचा इतिहास सारखा आहे असं मी म्हणत नाही. पण मुंबईत परदेशी पाहुण्यांना फिरवणारी गाडी फ्लोरा फाउंटनपाशी आली की कारंजं दाखवलं जातं आणि त्याच्या शेजारचं हुतात्म्यांचं स्मारक बऱ्याचदा 'दॅट इज अ मेमोरियल' एवढ्यावर आटपतं, तेव्हा आपल्याला काय वाटतं? मग तेच आपण दुसऱ्याच्या गावात जाऊन का करतो?

पुढचं ऐका. चर्चच्या अक्षरशः अंगावरून एक मोठा रस्ता जातो आणि डॅन्यूबवरच्या पुलाला मिळतो. पुलाच्या खांबावर उडत्या तबकडीसारखं रेस्टॉरंट आहे. सगळे 'यूएफओ, यूएफओ' करत त्याचे फोटो काढतात. पूल १९७२ साली पूर्ण झाला. त्याच्या रस्त्यासाठी कम्युनिस्ट राजवटीने जुन्या ज्यू वस्तीचा मोठा भाग पाडला. चर्चला खेटून उभं असलेलं सिनेगॉग महायुद्धातून वाचलं होतं, तेही १९६९ मध्ये गेलं. आणि त्यात प्रार्थनेला येणारी माणसं तर त्याआधीच गेली होती. १९४२ या एका वर्षात तेव्हाच्या स्लोव्हाक सरकारने सुमारे ५८ हजार ज्यूंना देशाबाहेर, नाझींच्या छावण्यांकडे पाठवलं. वर त्यासाठी जर्मनीला माणशी ५०० मार्क मोजले. त्या राजवटीचा प्रमुख योझेफ तिसो हा कॅथलिक पाद्री होता. हे सगळं आमच्या गाईडने आवाज न चढवता सांगितलं. स्वतःच्या देशाबद्दल असं सांगायला छाती लागते.

ही जागा ठरलेल्या कार्यक्रमात नव्हती. रस्त्याच्या कडेला त्या सिनेगॉगचं काळ्या दगडात कोरलेलं चित्र आहे, शेजारी स्मारक. आम्ही पंधरा मिनिटं तिथे उभे होतो. तेवढ्या वेळात गटारातल्या माणसाच्या फोटोची वेळ गेली. आत्याला थोडी चुटपुट लागली, कारण शेजारच्या कुलकर्णीकाकूंकडे तो फोटो आहे. आत्या, तू वाचतेयस हे मला माहितीय, पण आहे ते आहे :)

सगळ्यात महत्त्वाचं मात्र किल्ल्यावर घडलं. हा किल्ला १८११ साली जळाला आणि जवळजवळ दीडशे वर्षं नुसत्या भिंती उभ्या होत्या, आज दिसतो तो पुन्हा बांधलेला. त्याच्या गच्चीवरून नदीपलीकडे सिमेंटच्या उंच इमारतींची रांगच्या रांग दिसते. ती पेट्रझाल्का. कम्युनिस्ट काळातली वसाहत, आजही सुमारे लाखभर लोक तिथे राहतात. पावणेपाच लाखांच्या शहरातले एक लाख! पण जाहिरातीतल्या फोटोत ती अलगद कापलेली असते. बहुतेक पर्यटक 'काय विद्रूप' म्हणून कॅमेरा दुसरीकडे वळवतात. बाबांनी तिला सरळ विचारलं, "तुम्ही कुठे वाढलात?" तिने त्या रांगेकडेच बोट केलं.

मग ती बोलायला लागली. लहानपणी घराच्या खिडकीतून रात्री ऑस्ट्रियाचे दिवे दिसायचे. मध्ये शेतं, पुढे कुंपण, पहारा. जे दिवे रोज दिसत तिथे जायची सोय नव्हती. एकेकाळी, १९१४ साली, व्हिएन्ना ते प्रेसबुर्ग अशी विजेची रेल्वे सुरू झाली होती आणि लोक सहज ये-जा करत. तिच्या आजीला ते आठवत होतं, आईला नाही. नोव्हेंबर १९८९ मध्ये मखमली क्रांती झाली आणि १० डिसेंबरला ब्रातिस्लाव्हाहून हजारो लोक सीमा ओलांडून पायी ऑस्ट्रियातल्या हाइनबुर्गला गेले. ती तेव्हा अकरा वर्षांची. वडिलांचा हात धरून चालत गेली. "आम्ही तिथे काहीच केलं नाही," ती म्हणाली, "गेलो आणि परत आलो. दिवसभरात."

दिवसभरात. एका दिवसाची सहल!

आम्ही त्याच सकाळी ती सीमा गाडीत पेंगत ओलांडली होती. २००७ च्या डिसेंबरात स्लोव्हाकिया शेंगेनमध्ये आल्यापासून सहसा कोणी थांबवत नाही. आणि आपण विचारतो काय? "इथे इंडियन जेवण कुठे मिळेल?" "आउटलेट आहे का?" "परत कितीला निघायचं?" हे प्रश्न तिने किती वेळा ऐकले असतील याचा हिशोब तिनेच ठेवावा.

आता तुम्ही म्हणाल, अरे बाबा, आम्ही सुट्टीवर जातो, इतिहासाचा पेपर द्यायला नाही. घाम गाळून पैसे साठवले, जरा मजा करू दे की. मान्य. मजा कराच. पण मला सांगा, जी गोष्ट कुलकर्णीकाकूंच्या अल्बममध्ये आधीच आहे ती पुन्हा स्वतःच्या मोबाइलमध्ये आणण्यात कसली मजा? आणि जड काय आहे यात? बाबांनी तीन शब्दांचा प्रश्न विचारला, पुस्तक नव्हतं वाचलं. दुसरा आक्षेप, गाईड पढवलेलंच बोलतात. बोलतात ना, कारण आपण तेच मागतो. दिवसाला पाच ठिकाणं बांधून दिली तर कोणीही पोपटच होईल. खाजगी गाईड घेण्याचा एकमेव फायदा म्हणजे कार्यक्रम मोडता येतो. तोच वापरायचा नसेल तर मोठ्या बसमध्ये बसा, पैसे तरी वाचतील.

म्हणून पुढच्या वेळी 'एक देश फुकटात' घेणाऱ्यांसाठी माझं अगाऊ मत. गाडी घेऊच नका. व्हिएन्नाहून ट्रेन तासाभरात पोचवते, उन्हाळ्यात बोटही असते. गाडीचे पैसे गाईडला द्या आणि तिला तिथेच भेटा. (गुडघ्यांचा प्रश्न असेल तर गाडी घ्या, पण तिला गाडीची अ‍ॅक्सेसरी समजू नका.) आधीच कळवा की यादीतली दोन ठिकाणं गाळायची आहेत आणि त्या वेळात तुम्हाला स्वतःला जे दाखवावंसं वाटतं ते दाखवा. जेवायला ती नेईल तिथे जा. मेंढीच्या चीजमधले बटाट्याचे छोटे गोळे, त्यांना ब्रिंझोव्हे हलुश्की म्हणतात. वरचं बेकन नको म्हणून आधी सांगितलं तर आमच्या आईलाही चाललं, फक्त 'मिरची हवी होती' असा शेरा आलाच. तिला तिच्या घराबद्दल विचारा, आणि ती आपल्याबद्दल विचारेल तेव्हा नीट सांगा. आमच्या गाईडला हुतात्मा चौकाची गोष्ट बाबांनी सांगितली. ती तिने वहीत लिहून घेतली.

एका दिवसात ब्रातिस्लाव्हा पाहून होत नाही. व्हिएन्नाही होत नाही आणि ठाणेही होत नाही. तेव्हा 'स्लोव्हाकिया केला' असं कृपा करून म्हणू नका. 'ब्रातिस्लाव्हात एका बाईंशी दिवसभर बोललो' एवढं म्हणता आलं तरी पैसे वसूल.

असो. ज्यांना पटलं नसेल त्यांनी खाली लिहा, भांडू. मामा, तुझ्या 'पाच राजधान्या सहा दिवसांत'बद्दल मात्र फोनवरच बोलू.