कर्जाची तारीख कोणी हलवायची?

इंदापूर तालुक्यातल्या कळस आणि आसपासच्या गावांनी दोन वर्षांच्या आत निसर्गाची दोन टोकं पाहिली. ३१ ऑक्टोबर २०२३ रोजी राज्य सरकारने ज्या ४० तालुक्यांत दुष्काळ जाहीर केला, त्यांत इंदापूर आणि बारामती दोन्ही होते. आणि मे २०२५ च्या अखेरीस याच दोन तालुक्यांत एवढा पाऊस कोसळला, की निरा डावा कालवा फुटला आणि एनडीआरएफची पथकं बोलवावी लागली. पीक कोरडं जातं किंवा वाहून जातं, पण कर्जफेडीची तारीख पुढे न्यायची की नाही, हे दरवेळी नव्या शासननिर्णयावर आणि बँकेच्या मर्जीवर ठरतं. ही मुदतवाढ कायद्याने कर्जदाराचा हक्क व्हायला हवी.

यावर पहिलं उत्तर येतं, की नियम आहेतच. रिझर्व्ह बँकेच्या २०१८ च्या निर्देशांनी चौकट घालून दिली: नुकसान ३३ टक्क्यांपासून ५० टक्क्यांपर्यंत असेल तर फेडीला दोन वर्षांपर्यंत मुदत, त्याहून अधिक असेल तर पाच वर्षांपर्यंत, आणि त्यात पहिलं वर्ष हप्त्याविना. चौकट चांगली आहे, पण तिच्यात शिरणाऱ्याला किंमत मोजावी लागते. वेळेवर फेडणाऱ्याला तीन लाखांपर्यंतचं पीककर्ज सवलतींमुळे बिनव्याजी पडतं. कर्जाचं असं पुनर्गठन झालं की केंद्राची व्याजसवलत साधारणपणे पहिल्या वर्षापुरतीच उरते. म्हणून शेतकरी मार्चअखेरीस हातउसने पैसे आणून सोसायटीत नवं-जुनं करतो, म्हणजे जुनं कर्ज फेडून लगेच नवं उचलतो. खातं कागदावर नियमित दिसतं, देणं मात्र खासगी सावकाराकडे सरकतं. शिवाय २००५ च्या आपत्ती व्यवस्थापन कायद्यातलं कलम १३, ज्यात भीषण आपत्तीनंतर कर्जफेडीत सवलत देण्याची शिफारस राष्ट्रीय प्राधिकरणाला करता येत होती, ते २०२५ च्या दुरुस्तीने काढूनच टाकलं. वायनाडच्या दरडग्रस्तांच्या कर्जांचा प्रश्न केरळ उच्च न्यायालयात आला, तेव्हा केंद्राने याच वगळणुकीकडे बोट दाखवलं. मुळात ती नुसती शिफारस होती. तेवढाही आधार ठेवला नाही.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे: अशाने फेडीची शिस्त मोडते आणि ठेवीदारांचा पैसा अडकतो. २०१७ आणि २०१९ च्या कर्जमाफ्यांबद्दल हा वाद जरूर घालावा. मुदतवाढीत मात्र मुद्दल एका रुपयानेही कमी होत नाही. ज्या वर्षी शेतात काही पिकलंच नाही, त्या वर्षी वसुलीचा तगादा लावून ठेवीदाराच्या पदरात काय पडणार? उलट वेळेवर हप्ते बांधून मिळाले, तर थकबाकी साचून माफीची मागणी उठण्याचं एक कारण तरी कमी होईल. हप्ते ठरवणं हे धोरण आहे, न्यायालयांनी त्यात पडू नये, असंही म्हटलं जातं. कोविडकाळातल्या स्थगितीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२१ मध्ये व्याजावरचं व्याज रद्द केलं, पण मुदत वाढवायला नकार दिला, तो याच भूमिकेतून. म्हणूनच अधिकार कायद्यात लिहायला हवा.

असा कायदा या मातीला नवा नाही. १२ मे १८७५ रोजी आजच्या बारामती तालुक्यातल्या सुप्यात सावकारांविरुद्ध दंगा उसळला आणि त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या जिल्ह्यांना लागू झाला. रोख्यावरच्या आकड्यामागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याचा, देणं हप्त्यांनी फेडू देण्याचा अधिकार त्याने दिवाणी न्यायालयाला दिला. परक्या सरकारच्या काळातही इंदापूरच्या कुणब्याला न्यायाधीशापुढे उभं राहून हप्ते मागता येत होते.