सगळ्याजणी १ जूनच्या!

आपल्यापैकी कितीजणींची जन्मतारीख १ जून आहे, मोजून पाहा. जूनमध्ये शाळा उघडे, गुरुजी अंदाजाने वय ठरवून तीच तारीख टाकत. शाळेच्या दाखल्यावरून माझ्या पासपोर्टवरही तीच आली. आई सांगते, माझा जन्म नागपंचमीच्या आदल्या रात्रीचा. दुरुस्तीसाठी गेले तर कचेरीत म्हणाले, जन्मदाखला आणा. घरी सुईणीने केलेल्या बाळंतपणाची नोंद कोण करणार होते? १९६९च्या कायद्याने वर्ष उलटल्यावर नोंदीला न्यायदंडाधिकाऱ्याचा हुकूम लागे. २०२३च्या दुरुस्तीने तो अधिकार जिल्हा प्रशासनाकडे आला. कोर्टाची पायरी टळली खरी, पण पुरावे गोळा करत बाईनेच हिंडायचे! बाळंतिणीच्या खोलीत असलेल्या बायकांच्या साक्षीला गुरुजींच्या अंदाजापेक्षा जास्त वजन मिळाले पाहिजे. म्हाताऱ्या सुइणी हयात आहेत तोवर गावोगावच्या गटांनी त्यांचे जबाब लिहून घ्यावेत.